वाक्याआधीचा श्वास

दार जाड होतं. नर्सने ते ओढून घेतलं तेव्हा त्याचा आवाजसुद्धा पुरता आला नाही, अर्ध्यात गिळला गेला. आत एक खुर्ची, भोकाभोकांच्या राखाडी भिंती, खाली गालिचा आणि समोर दुहेरी काचेची छोटी खिडकी. तिने माझ्या कानांवर हेडफोन चढवले, हातात शिट्टी ऐकू आली की दाबायचं एक बटण दिलं आणि ती काचेपलीकडे जाऊन बसली. पार्सिपनीतल्या, म्हणजे माझा मुलगा परदेशात जिथे राहतो तिथल्या, कान-नाक-घशाच्या दवाखान्यात माझ्या ऐकण्याची तपासणी चालली होती. घसा बसला म्हणून आलेल्या बाईचे कान कशाला तपासतात, असा पहिला संशय मला तिथेच आला. पण तो फार वेळ टिकला नाही, कारण तेवढ्यात वास आला.

कोंडलेल्या गालिच्याचा, फोमचा, तापलेल्या तारांचा आणि आधी येऊन गेलेल्या माणसांच्या श्वासांचा वास. तीस वर्षं मी या वासात काढली होती. तो मुंबईत, एका इमारतीच्या तळघरात राहिला असं मी धरून चालले होते. काचेपलीकडे नर्सचे ओठ हलत होते, आवाज येत नव्हता. माझा हात आपोआप वर गेला. स्टुडिओत त्याचा अर्थ 'मी तयार आहे, सोडा चित्र'. नर्सला वाटलं, मला पहिली शिट्टी ऐकू आली. तिने लगेच काहीतरी लिहून घेतलं. म्हणजे माझ्या तपासणीची सुरुवातच चुकीच्या नोंदीने झाली, आणि ती दुरुस्त करण्याइतकं इंग्रजी मला वेळेवर सुचलं नाही.

मी आवाजाची नटी. सुरुवात चेहऱ्याने केली होती. दूरचित्रवाणीवरच्या मराठी नाटकांत आणि मालिकांत मी कुणाची तरी वहिनी, कुणाची शेजारीण, एकदा तर तेरा भाग नुसती चहा आणून देणारी नणंद होते. एका दिग्दर्शकाने एकदा सगळ्यांसमोर सांगितलं, "बाई, तुमचा चेहरा काही सांगत नाही हो, पण आवाज सगळं सांगतो." मी आठ दिवस रडले. नवव्या दिवशी सामंतसरांकडे गेले. ते परदेशी मालिका मराठीत करायचे, म्हणजे पडद्यावर तोंड दुसऱ्याचं आणि त्यात भाषा आपली. त्यांनी माझ्या चेहऱ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. डोळे मिटून म्हणाले, "हसा. आता रडत रडत हसा. या उद्यापासून."

त्या तळघराचे नियम देवघरापेक्षा कडक होते. बांगड्या दाराशी स्टीलच्या वाटीत काढून ठेवायच्या. खळ घातलेली साडी नको, ती सळसळते. धुऊन धुऊन मऊ झालेली, घरात नेसायची तीच साडी. चपला बाहेर. चिवडा, शेंगदाणे बंद, कारण दाढेत अडकलेला कण बोलताना चुकचुकतो. उपाशी यायचं नाही, कारण पोट बोलतं. ते बोललं की काचेमागून अन्वरभाई, आमचे ध्वनिमुद्रक, गंभीरपणे म्हणायचे, "बाई, हा डायलॉग कुणाचा? माझ्या कागदावर नाहीये." पान उलटायचं नाही, पान उचलून बाजूला ठेवायचं, झोपलेल्या मुलाच्या अंगावरून पांघरूण काढावं तसं. रेकॉर्डिंग सुरू होताना एसी बंद व्हायचा आणि मे महिन्यात आम्ही चौघी माइकभोवती घामाने निथळत उभ्या राहून बर्फात खेळणाऱ्या मुलांचे आवाज काढायचो.

वर्षाचे ऋतू आम्हाला भिंतीतून कळायचे. गणपतीत मंडळाचे लाउडस्पीकर तळघरापर्यंत झिरपत, म्हणून ते दहा दिवस संध्याकाळचं काम बंद. दिवाळीचे फटाके माइकला चालत नसत, म्हणून आमचे दिवाळीचे भाग श्रावणातच होऊन जायचे. थंडीत पहिली सर्दी कुणाला होते याकडे प्रत्येकीचं लक्ष असे. कुणी नाक ओढलं की बाकीच्या काळजीने सुंठ पुढे करायच्या, आणि त्या काळजीत तिची भूमिका आपल्याला मिळेल का हा हिशेबही असायचा. हे मी सांगू शकते, कारण मीही सुंठ पुढे केली आहे.

मग बिरू आला. डोंगरात मेंढ्या राखणारा आठ-नऊ वर्षांचा मुलगा, त्याची एक म्हातारी मेंढी आणि सतत हरवणारी टोपी. मूळ नाव काही वेगळंच होतं. मराठी करणाऱ्या लेखकाने त्याचा धनगर केला आणि बिरू नाव ठेवलं. मुलांचे आवाज बायकाच काढतात, कारण खऱ्या मुलाचा आवाज दोन वर्षांत फुटतो. मी अकरा वर्षं बिरू होते. या अकरा वर्षांत तो एका दिवसानेही मोठा झाला नाही.

बिरूच्या टेपा आल्या त्या घोळ घेऊनच. संहिता इंग्रजीत, पण टेपेवरचा आवाज भलत्याच भाषेतला. इंग्रजी नव्हे, फ्रेंच नव्हे. खडबडीत, मधेच 'च' आणि 'त्स' यांनी ठेचकाळणारी भाषा. सामंतसरांनी पत्र पाठवलं, उत्तर यायला दोन महिने लागले. तोवर कळलं की ती बास्क भाषा, स्पेनच्या वरच्या डोंगरांत थोडे लोक बोलतात, आणि त्यांच्या मुलांच्या कानांवर ती पडावी म्हणून तिथले लोक टीव्हीवर सगळं त्या भाषेत करतात. बदली टेपा येईपर्यंत थांबायला वाहिनी तयार नव्हती. सर म्हणाले, "भाषा कुठली का असेना, तोंड हलतंय ना? चला." बदली टेपा पुढे कधी आल्याच नाहीत.

एक शब्द कळत नसताना माणसाच्या मागे कसं जायचं? मी त्या आवाजाचा श्वास धरला. बोलण्याआधी माणूस हवा आत घेतो, तेवढ्यावरूनच पुढचं वाक्य किती लांब आहे ते ठरतं. छोट्या श्वासात 'हो', 'नाही', 'ये इकडे'. मोठ्या श्वासात गोष्ट, गाऱ्हाणं, माफी. काही महिन्यांत मला चित्र बघावंच लागेना. हेडफोनमध्ये श्वास ऐकला की माझ्या छातीत तेवढीच हवा यायची. तो आवाज मुलाचा होता, पण श्वास बाईचा होता, माझ्याच वयाच्या. मी तिचं नाव कधी ऐकलं नाही. तरी तिला सर्दी झालेले भाग मला ओळखता यायचे. आणि दुसऱ्या वर्षाच्या साधारण विसाव्या भागानंतर ती वाक्याच्या मध्येच हवा भरायला लागली, जिथे आधी कधी लागत नव्हती. मी अन्वरभाईंना म्हटलं, "बाई गरोदर आहे." ते हसले. दहा-बारा भाग तसेच गेले, श्वास आखूड होत गेला, आणि मग एका भागात एकदम मोकळा झाला. मी रेकॉर्डिंग थांबवून सगळ्यांना पेढे आणायला लावले. सामंतसर म्हणाले, "संशयी बाई ती संशयीच."

होते मी संशयी. माहेरी म्हणत, हिला दुधातसुद्धा पाणी पोहताना दिसतं. पण बिरूनंतर माझ्या संशयाला हत्यार मिळालं. भाजीवाला 'आजचीच आहे हो' म्हणायच्या आधी केवढा श्वास घेतो, ह्यांनी 'सिगरेट? छे' म्हणण्याआधी किती घेतला, सगळं मला ऐकू यायचं. मोठा श्वास घेऊन छोटं वाक्य बोलणाऱ्या माणसाने मधलं काहीतरी खिशात घातलेलं असतं. हा माझा अनुभव आहे आणि तो क्वचितच चुकला.

आमच्या धंद्यातली आणखी एक रीत होती, तिच्याबद्दल मला फारसं बोलावंसं वाटत नाही, पण तिच्याशिवाय पुढचं कळणार नाही. मुलाचा आवाज काढून काढून गळा दुखतो. दुसऱ्या दिवशी तो हवा असेल तर संध्याकाळी मौन. सगळ्याच पाळायच्या. मी सहाला घरी यायचे, गरम पाण्यात मीठ घालून गुळण्या करायचे आणि सकाळपर्यंत एक शब्द बोलायचे नाही. मंदार, माझा मुलगा, तेव्हा पहिली-दुसरीत होता. हातांच्या खुणा त्याला पाठ होत्या. दोन बोटं म्हणजे हातपाय धू, तळवा म्हणजे थांब, टिचकी म्हणजे अभ्यास. ह्यांनी त्याला समजावलं होतं, "आईचा आवाज उद्यासाठी ठेवलाय." तो शाळेतलं सांगायचा, मी मान हलवायचे. पाचवीत गेल्यावर त्याने सांगणं बंद केलं. मला ते कधी बंद झालं ते कळलं नाही. साडेसहाला टीव्हीवर बिरू लागायचा, आणि मंदार पडद्यापासून हातभर अंतरावर मांडी घालून बसायचा. मी मागे बसून वाटाणे सोलायचे.

हे गेल्यावर मी मंदारकडे आले, त्याला सहा वर्षं झाली. इथे बाकी कुणाला माझ्याबद्दल काही माहीत नव्हतं, आणि ते मला बरंच होतं. एकदा मात्र इंडियन ग्रोसरीत इडलीच्या पिठाच्या फ्रीजपाशी मी केतकीला, म्हणजे सुनेला, म्हणाले, "हे नको गं, आंबलंय फार." शेजारचा दाढीवाला तरुण गर्रकन वळला.

"एक्सक्यूज मी काकू. सॉरी हं, विचित्र वाटेल. पण तुम्ही... बिरू?"

मी हो म्हटलं. तो नागपूरचा होता, इथे कुठल्याशा औषधाच्या कंपनीत डेटाचं काम करायचा. पिठाची पिशवी छातीशी धरून तो तसाच उभा राहिला. "काकू, माझी आई कामावर जायची ना, तेव्हा घरी मी आणि बिरूच असायचो. यार, मी आता रडेन इथे." मग त्याने ट्रॉलीत बसलेल्या त्याच्या मुलीला सांगितलं, "सी, धिस इज बिरू." मुलीने माझ्याकडे नीट बघून घेतलं आणि म्हणाली, "नो, शी इज अ आजी." केतकी घरी येईपर्यंत हसत होती. त्या रात्री मला झोप आली नाही, इतकी मी सुखात होते.

या वर्षी मेपलची पानं लाल व्हायच्या सुमाराला माझा घसा बसला. आधी वाटलं घरातल्या हीटरची कोरडी हवा. मग एका शनिवारी त्याच दुकानात मी काउंटरवर कढीपत्ता मागितला, आणि तोच दाढीवाला माझ्या शेजारच्या रांगेत पाठमोरा उभा होता. मी पुन्हा मोठ्याने मागितला. तो वळला नाही. सामान घेऊन, मुलीला उचलून निघून गेला. माझा घसा साधा बसलेला नाही, हे मला कुठल्याही डॉक्टरच्या आधी तिथे कळलं.

म्हणून तो दवाखाना. कानांची तपासणी झाली, मग डॉक्टरीणबाईंनी नाकातून नळी घालून घसा पाहिला, मग आठवड्याने भूल देऊन तपासायला तुकडा काढला. फॉर्मवर विचारलं होतं, दुभाष्या हवा का. मंदारने 'नको' वर खूण केली. "मी आहे ना आई." दुसऱ्या एका कागदावर मी सही केली, की माझ्याबद्दल मुलाशी बोलायला हरकत नाही. ती सही करताना माझा हात थांबला होता. पोटच्या पोरावर संशय घ्यायचा म्हणजे अतीच, असं मनाशी म्हणून मी ती करून टाकली.

निकालाचा व्हिडिओ कॉल आला तेव्हा दुपार होती. मंदार स्वयंपाकघराच्या टेबलावर लॅपटॉप उघडून, कानांत इअरफोनची बोंडं घालून बसला होता. मी जिन्यावरून खाली येत होते. त्याची पाठ माझ्याकडे होती आणि पडद्यावर डॉक्टरीणबाईंचा चेहरा. आवाज नाही, नुसतं चित्र. माझ्यासारखीला यापेक्षा ओळखीचं दुसरं काही नाही. मी पायरीवरच थांबले.

त्या बोलल्या, थांबल्या. पुन्हा बोलल्या, आणि बोलता बोलता त्यांनी स्वतःच्या गळ्यावर दोन बोटं आडवी ठेवली. मग एकदा डावा हात पुढे केला, एकदा उजवा, दोन गोष्टी समोर मांडाव्यात तसा. मग मोठा श्वास घेतला आणि बरंच बोलल्या. मंदारने खाली बघून मान हलवली. एकदा नव्हे, तीनदा. चार मिनिटं तरी हा प्रवेश चालला.

मी आवाज करत खाली आले. त्याने लॅपटॉप मिटला.

"काय म्हणाल्या?"

त्याने आधी छातीतली सगळी हवा सोडून दिली. मग म्हणाला, "काही नाही. सूज आहे. एक छोटी प्रोसिजर करतील, बरं वाटेल."

लहानपणी आपण पकडले कशाने जातो ते त्याने सातवी-आठवीत शोधून काढलं होतं. तेव्हापासून मला खोटं सांगायचं असलं की तो आधी श्वास सोडून छाती रिकामी करायचा, म्हणजे मला मोजायला काही उरू नये. पंचेचाळीस वर्षांच्या माणसाला मी स्वयंपाकघरात तेच करताना पाहिलं.

पुढचे पाच दिवस मी घरभर संशय घेत फिरले. केतकी मिरची न घातलेली मऊ खिचडी करायला लागली. मंदार ऑफिसला जाईनासा झाला, 'या वीकला वर्क फ्रॉम होम घेतलंय' म्हणे. फोन आला की तो गॅरेजमध्ये जाऊन गाडीत बसून बोलायचा. मला आधी वाटलं, हे मला कुठल्या वृद्धाश्रमात ठेवायच्या विचारात आहेत. टपालात आलेला तसा एक रंगीत कागद मी कचऱ्यातून काढून, चष्मा लावून पुरता वाचला. तो शेजाऱ्यांच्या नावाचा निघाला. मग वाटलं नोकरी गेली असेल. मग माझी नऊ वर्षांची नात ईशा शाळेच्या बसमधून उतरली आणि नेहमीसारखी कविता म्हणून दाखव म्हणाली नाही.

"का गं?"

"मॉम सेड डोन्ट मेक आजी टॉक." तिने माझ्या हाताचा पापा घेतला. हाताचा पापा ती कधीच घेत नाही.

त्या क्षणी बाकीचे संशय गळून पडले आणि एकच उरला. दुसऱ्या दिवशी दुपारी मंदारची मीटिंग संपल्यावर मी त्याच्यासमोर खुर्ची ओढून बसले.

"मंदार, बुधवारचा प्रवेश परत घ्यायचा."

"कसला प्रवेश?"

"डॉक्टरीणबाई चार मिनिटं बोलल्या. तू मला एक ओळ दिलीस. एवढ्या लांबीच्या तोंडात एवढीशी ओळ बसत नाही रे. मधल्या ओळी कुठे गेल्या?"

"आई, तू पण ना यार." तो हसायला गेला. ते जमलं नाही. त्याने चष्मा काढून टेबलावर ठेवला. "डोन्ट डू धिस."

"त्यांनी गळ्यावर बोटं ठेवली तेव्हा काय म्हणाल्या? तिथपासून सांग. न गाळता."

तो सांगायला लागला. तुकडे तुकडे, माझ्याकडे न बघता. स्वरयंत्रावर गाठ आहे. ती वाईट आहे. पण लवकर सापडली. दोन मार्ग आहेत, म्हणून दोन हात. एक ऑपरेशन, त्यात गाठ मुळासकट जाईल, पण तिच्याबरोबर आवाजही बहुतेक जाईल. उरलाच तर कुजबुज उरेल. दुसरा किरणांचा. त्यात आवाज पुष्कळसा वाचू शकतो, पण माझी गाठ ज्या जागी आहे तिथे ती परत उगवायची भीती जास्त, आणि परत उगवली तर मग काही सांगता येत नाही.

"आणि तू मान हलवलीस ती कशाला?"

"मी ऑपरेशनला येस म्हणालो. तारीख घेतली. आजपासून बारावा दिवस."

मला राग आला. "गळा माझा आहे. तू कोण रे हो म्हणणारा? मला विचारावंसं वाटलं नाही?"

"नाही." आता त्याने माझ्याकडे पाहिलं, आणि या वेळी त्याने हवा सोडली नाही. "विचारलं असतं तर तू आवाज निवडला असतास. नेहमी तेच केलंस. आय नो यू, आई."

केतकी दारात येऊन उभी राहिली होती, ती तशीच मागे गेली. मंदार हळू आवाजात बोलत राहिला. "मी त्या बिरूचा किती राग राग करायचो तुला माहितीये? त्याच्याशी तू दिवसभर बोलायचीस. हसायचीस. घरी आलीस की बोटं. मला तुझा आवाज ऐकायचा असला की टीव्ही लावायला लागायचा. सो मला तुझ्या न बोलण्याची सवय आहे, आई. ते मी करू शकतो. तू नसण्याची प्रॅक्टिस नाहीये माझी."

मी उठून खोलीत गेले. खिडकीतून समोरचं पार्किंग दिसतं, तिथे माणसं पानं गोळा करत होती, यंत्राचा आवाज काचेतून बारीक होऊन येत होता. मी पलंगावर बसून स्वतःवर संशय घेतला, जो मी आयुष्यात फारसा घेतलेला नाही. त्याने विचारलं असतं तर मी काय निवडलं असतं? खरं सांगायचं तर मी क्षणभरही थांबले नसते. जीव गेला असता तरी आवाजासकट गेला असता, आणि मला ते शोभेसं वाटलं असतं. ग्रोसरीतल्या त्या मुलाच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. त्याला आई कामावर गेल्यावर मी सापडत होते. त्याच तासाला माझं स्वतःचं पोर पडद्यासमोर मांडी घालून बसलेलं असे, मी त्याच्यामागे चार हातांवर, तोंड मिटून. मला वाटायचं, तो बिरू बघतोय. इतकी वर्षं माणसांचे श्वास मोजून त्यांची लबाडी धरणाऱ्या मला त्या पाठीकडे बघून काहीच कसं ऐकू आलं नाही? ती बास्क बाई, तिनेही अशीच संध्याकाळी मौनं पाळली असतील का, त्या मोकळ्या झालेल्या श्वासानंतर जे मूल घरात आलं त्याच्यासमोर? मी पेढे वाटले होते. माझ्या मुलाला त्या दिवशी घरी आल्यावर मी ते सांगितलंसुद्धा नव्हतं, गळा जपायचा होता.

संध्याकाळी मी खाली आले. मंदार सिंकपाशी भांडी डिशवॉशरमध्ये लावत होता.

"तारीख राहू दे," मी म्हटलं. "पण डॉक्टरांना तू सांगायचं नाहीस. मी स्वतः सांगणार. मोडकंतोडकं सांगेन, पण मी सांगणार."

त्याने मान हलवली. केतकीने माझ्यासमोर चहा ठेवला आणि म्हणाली, "आई, आता हे बारा दिवस पूर्ण व्हॉइस रेस्ट घ्या हं. डॉक्टरांनी स्ट्रेन करू नका म्हटलंय."

"काय उद्यासाठी ठेवायचंय आता?" मी म्हटलं. तिचे डोळे भरून आले म्हणून मी तिला जवळ ओढलं.

मग मी मंदारच्या दंडाला धरून त्याला खुर्चीवर बसवलं. हातातलं ओलं ताट काढून घेतलं.

"आज ऑफिसात काय झालं?"

"आज? काही नाही गं. नेहमीचंच."

"पहिल्यापासून सांग. सकाळी बसलास तिथपासून."

तो माझ्याकडे बघत राहिला. कपाळावर केस आलेले, पुष्कळसे पांढरे. मग त्याने सुरुवात केली. सकाळच्या कॉलला कुणीतरी कॅमेरा चालू आहे हे विसरून जांभई दिली. हैदराबादच्या टीमने रात्री काहीतरी बदललं होतं, त्याने सगळं बंद पडलं, आणि मॅनेजरने ते याच्या माथी मारलं. मला त्यातलं अर्धंही कळत नव्हतं. माझा आवाज घोगरा, फाटका झाला होता, एकेक शब्द काढायला ढकलावा लागत होता. तो सांगता सांगता थांबला, मी कंटाळले का ते बघायला.

"मग?" मी म्हटलं.